पार्श्वभूमी : इम्युलेटरच्या यादीतली नकोशा खेळांची गर्दी

इम्युलेटर, म्हणजे जुन्या कन्सोलची नक्कल करणारा प्रोग्रॅम, वापरून त्या कन्सोलचे खेळ संगणकावर, मोबाइलवर किंवा रास्पबेरी पायसारख्या छोट्या यंत्रावर खेळणाऱ्यांची आजची अडचण खेळ मिळत नाहीत ही नसून, हवा तो खेळ यादीत सापडत नाही ही आहे. यादी उघडावी तर एकाच मारिओच्या आठ-दहा नोंदी समोर येतात. एक अमेरिकी, एक युरोपीय, एक जपानी, दोन कुणीतरी पातळ्या बदलून तयार केलेल्या, एक अर्धवट उतरवलेली, आणि उरलेल्या कशाच्या आहेत हे नावावरून कळत नाही. यातल्या नको त्या काढाव्यात म्हणून बसले की लक्षात येते, ‘काढणे’ या शब्दाला इथे तीन निरनिराळे अर्थ आहेत : यादीतली नोंद काढणे, नोंद लपवणे आणि फाइलच पुसून टाकणे. कोणते बटण यांपैकी काय करते हे प्रोग्रॅमगणिक बदलते. संग्रह जमवणारे लोक जतनाच्या ध्यासाने काम करत होते आणि यादी दाखवणारे प्रोग्रॅम लिहिणारे लोक खेळणाऱ्यांच्या सोयीसाठी. दोन्ही कामे वेगवेगळ्या काळात, एकमेकांची फारशी दखल न घेता झाली, आणि त्यांच्यातला सांधा जिथे नीट बसला नाही तिथेच ही गर्दी साचली आहे.

तिची सुरुवात मात्र इम्युलेटरच्याही आधीची आहे. १९९० च्या दशकाच्या पूर्वार्धात तैवान आणि हाँगकाँगच्या बाजारात सुपर निन्टेन्डो या कन्सोलच्या कार्ट्रिजमधला, म्हणजे खेळाच्या कॅसेटीतला, मजकूर फ्लॉपीवर उतरवून घेणारी यंत्रे मिळत असत. सुपर मॅजिकॉम आणि सुपर वाइल्ड कार्ड ही त्यांतली गाजलेली नावे. सुपर निन्टेन्डोच्या फाइलींना आजही दिसणारे ‘एसएमसी’ हे शेपूट मॅजिकॉमच्याच नावावरून आले आहे. हे यंत्र कन्सोलवर बसवायचे, त्यावर कार्ट्रिज खोचायचे आणि फ्लॉपीवर प्रत काढायची. अशी प्रत काढताना यंत्र फाइलच्या सुरुवातीला स्वतःच्या सोयीसाठी ५१२ बाइट जोडत असे. खेळाशी त्या बाइटांचा काडीचाही संबंध नव्हता, पण संगणकाच्या लेखी फाइल बदलली होती. साहजिकच एकाच कार्ट्रिजच्या, ५१२ बाइट असलेल्या आणि नसलेल्या, अशा दोन ‘वेगवेगळ्या’ फाइली फिरू लागल्या.

निन्टेन्डोच्या आठ बिटी कन्सोलच्या बाबतीत हीच गोष्ट आणखी विचित्र रीतीने घडली. या कार्ट्रिजमध्ये निरनिराळ्या प्रकारच्या चिप असत आणि कोणत्या खेळाला कोणती रचना लागते हे इम्युलेटरला कळणे आवश्यक होते. १९९६ मध्ये मरात फैझुलिन यांनी आपल्या आयएनईएस या इम्युलेटरसाठी फाइलच्या माथ्यावर १६ बाइटांची एक चिठ्ठी जोडण्याची पद्धत आणली, आणि पुढच्या बहुतेक इम्युलेटरनी ती उचलली. त्या चिठ्ठीतले शेवटचे काही बाइट तेव्हा मोकळे होते. रॉम फाइली, म्हणजे कार्ट्रिजमधून उतरवलेल्या खेळांच्या फाइली, नीटनेटक्या लावून देणाऱ्या एका उपयोजनाने त्या मोकळ्या जागेत ‘डिस्कड्यूड!’ अशी आपली सही ठोकायला सुरुवात केली. शून्यापासून मोजले तर ही नऊ अक्षरे सातव्या बाइटापासून पंधराव्यापर्यंत बरोबर बसत. पुढे सातव्या बाइटाला अर्थ दिला गेला, आणि सहीतल्या पहिल्या ‘डी’ या अक्षरामुळे चिपच्या रचनेचा क्रमांक ६४ ने वाढलेला दिसू लागला. चांगले चालणारे खेळ नव्या इम्युलेटरमध्ये उघडेनात. लोकांनी मग दुरुस्त केलेल्या प्रती काढल्या, जुन्याही राहू दिल्या, आणि यादीत आणखी एकेक नोंद वाढली. भिंतीवर नाव कोरून ठेवणाऱ्या पर्यटकाची वृत्ती संगणकातही शिरते, याचे हे मासलेवाईक उदाहरण म्हणता येईल.

या पसाऱ्याला शिस्त लावण्याचा पहिला मोठा प्रयत्न म्हणजे ‘काउरिंग’ या टोपणनावाने वावरणाऱ्या व्यक्तीने लिहिलेली ‘गुड’ मालिकेतली उपयोजने. कन्सोलगणिक एक उपयोजन, त्यात त्या कन्सोलच्या ज्ञात फाइलींची बेरीज-खूण, म्हणजे सीआरसी, नोंदवलेली, आणि तिच्यावरून फाइलला ठरावीक नाव. नावाच्या शेवटी चौकटी कंसात उद्गारचिन्ह असेल तर प्रत पडताळलेली. ‘बी’ असेल तर बिघडलेली. ‘एच’ म्हणजे कुणीतरी फेरफार केलेली. ‘ओ’ म्हणजे गरजेपेक्षा जास्त मजकूर उतरलेली. ‘पी’ म्हणजे चोरटी छापील कार्ट्रिज. ‘टी’ म्हणजे खेळाडूला जादा प्राण वगैरे देणारी. अनेकांना हे संकेत अजून तोंडपाठ आहेत. पण या उपयोजनांचा उद्देश वाईट प्रती फेकण्याचा नव्हताच. जे जे सापडेल ते ओळखून त्याला नाव देणे हे त्यांचे काम होते, बिघडलेल्या प्रतीलाही. त्यामुळे ‘संपूर्ण संच’ या शब्दाचा अर्थ सगळे खेळ असा न राहता सगळ्या फाइली असा झाला, आणि तो पूर्ण करणे हा एक छंदच होऊन बसला.

२००० मध्ये सुरू झालेल्या टोसेक या उपक्रमाने हीच व्यापक दृष्टी जुन्या घरगुती संगणकांपर्यंत नेली. त्यानंतर आलेल्या नो-इंट्रो या गटाने मात्र वेगळी भूमिका घेतली. चोरट्या प्रती पसरवणाऱ्या टोळ्या खेळाच्या आधी आपल्या नावाची एक चित्रफीत, म्हणजे ‘इंट्रो’, चिकटवत असत. ती नको, मूळ कार्ट्रिजमध्ये जे होते तेवढेच हवे, हा आग्रह गटाच्या नावातच आहे. निन्टेन्डोच्या फाइलींची खूण काढताना ते माथ्यावरचे १६ बाइट वगळत, म्हणजे डिस्कड्यूडची सही आपोआपच बाद. सीडी आणि डीव्हीडीच्या खेळांसाठी असेच काम रीडम्प या गटाने केले. तरीही गर्दी संपली नाही, कारण आता बिघडलेल्या प्रती गेल्या तरी अमेरिकी, युरोपीय आणि जपानी आवृत्त्या, त्यांच्या सुधारित आवृत्त्या आणि प्रसिद्धीपूर्व नमुने हे सगळे अस्सलच होते. जतन करणाऱ्याच्या दृष्टीने त्यांतली एकही टाकाऊ नव्हती.

आपल्याकडे या गर्दीचा अनुभव इम्युलेटरच्या कितीतरी आधी आला होता. १९९० च्या दशकात महाराष्ट्रातल्या घरांत ‘व्हिडिओ गेम’ म्हणून जे यंत्र टीव्हीला जोडले जाई ते बहुतेक वेळा निन्टेन्डोच्या फॅमिकॉमची, म्हणजे त्याच आठ बिटी कन्सोलची, नक्कल असे, आणि त्यासोबत ‘९९९९९९ इन १’ असे छापलेली पिवळी किंवा काळी कॅसेट मिळे. प्रत्यक्षात तिच्यात मोजकेच खेळ असत. उरलेल्या नोंदी त्याच खेळांच्या, पण वेगळ्या नावाने, दुसऱ्या पातळीवरून सुरू होणाऱ्या किंवा जास्त प्राण देणाऱ्या. सुट्टीत भावंडे त्या यादीची पानेच्या पाने पुढे सरकवत आणि शेवटी पहिल्या पानावरच्या कॉन्ट्राशी परत येत. या कॅसेटीही पुढे कुणीतरी उतरवून घेतल्या, आणि चोरट्या प्रतींची खूण लावून त्या संचांत दाखल झाल्या. हजारो खेळ भरलेल्या कार्डासह आज विकली जाणारी हातात मावणारी यंत्रे म्हणजे त्याच कॅसेटीचे नवे रूप; संख्या मोठी छापायची आणि निवडायचे काम गिऱ्हाइकावर सोडायचे, हा धंद्याचा जुनाच नियम.

आर्केडच्या, म्हणजे नाणे टाकून खेळायच्या यंत्रांवरच्या, खेळांची कथा स्वतंत्र आहे, आणि काढाकाढीत सर्वांत जास्त नुकसान होते ते तिथेच. इटलीच्या निकोला साल्मोरिया यांनी फेब्रुवारी १९९७ मध्ये मेम या इम्युलेटरची पहिली आवृत्ती प्रसिद्ध केली, तेव्हा त्यात बोटांवर मोजण्याइतके खेळ होते. पुढे ही संख्या सात हजारांच्या वर गेली. मेमच्या कर्त्यांनी आपला हेतू सुरुवातीपासून यंत्रांची नोंद ठेवणे हा सांगितला आहे, खेळता येणे हा त्यांच्या लेखी त्या नोंदीच्या अचूकतेचा पुरावा. म्हणून जुगाराची यंत्रे, जपानी माहजोंग आणि पडद्याऐवजी यांत्रिक भाग असलेली यंत्रेसुद्धा त्यात आहेत, आणि घरच्या मुलांसाठी यादी लावणाऱ्याला ती प्रथम काढावीशी वाटतात. जागा वाचावी म्हणून मेमने एका खेळाच्या आवृत्त्यांमध्ये ‘पालक’ आणि ‘क्लोन’ असे नाते ठरवले. प्रचलित पद्धतीच्या संचात क्लोनच्या फाइलीत फक्त वेगळा असलेला भाग असतो, बाकीचा पालकाकडून घेतला जातो.

याचा परिणाम एका उदाहरणाने स्पष्ट होईल. पॅकमॅन हा खेळ जपानमध्ये १९८० मध्ये आला तेव्हा त्याच्या पेटीवर नाव होते ‘पकमॅन’; अमेरिकेत ते बदलून पॅकमॅन करण्यात आले. मेमने मूळ जपानी आवृत्तीला पालक मानले आहे. कार्डवरचे संच आवरायला बसलेल्या माणसाला ‘पकमॅन’ नावाची झिप फाइल दिसते, ही कुठलीतरी नक्कल असावी असे समजून तो ती उडवतो, आणि मग ज्याच्यासाठी सगळा खटाटोप केला तो पॅकमॅनच सुरू होईनासा होतो. निओजिओ या आर्केड यंत्राच्या खेळांचे तर याहून कठीण. ‘निओजिओ’ नावाची झिप स्वतः खेळ नाही, ती त्या यंत्राची मूळ प्रणाली आहे. ती नकोशी म्हणून काढली की त्या यंत्रावरचे एकूण एक खेळ एकदम बंद पडतात.

खेळ निवडायची पडदाभर यादी, जी आज ‘लायब्ररी’ म्हणून ओळखली जाते, ती या सगळ्यानंतर आली. २०१२ मध्ये रास्पबेरी पाय बाजारात आले आणि त्याच वर्षी त्यावर जुने खेळ चालवण्यासाठी रेट्रोपाय हा प्रकल्प उभा राहिला. त्याचा दर्शनी भाग म्हणून इम्युलेशनस्टेशन लोकप्रिय झाले. हा प्रोग्रॅम फोल्डरमध्ये ज्या फाइली दिसतील त्या दाखवतो आणि खेळाचे वर्णन, चित्र, वर्ष असा तपशील ‘गेमलिस्ट’ नावाच्या वेगळ्या फाइलीत ठेवतो. गेमलिस्टमधली नोंद हाताने खोडली तर पुढच्या वेळी खेळ पुन्हा हजर होतो, कारण फाइल फोल्डरमध्ये तशीच असते. फक्त गेमलिस्टच वाचावी असा पर्याय निवडला असेल तरच तो जातो. उलट तपशील बदलण्याच्या खिडकीतले ‘डिलीट’ दाबले तर खरी फाइल कार्डवरून पुसली जाते. नुसते नजरेआड करायचे असेल तर ‘हिडन’ ही खूण आहे, आणि तिच्या जोडीला मुलांसाठीची मर्यादित मांडणीही आहे.

रेट्रोआर्क हा दुसरा प्रमुख प्रोग्रॅम. २०१० मध्ये एसएसएनईएस या नावाने सुरू होऊन २०१२ मध्ये त्याने आजचे नाव घेतले. त्याची प्लेलिस्ट ही केवळ पत्त्यांची वही आहे. तिथून खेळ काढला तर फाइलला धक्का लागत नाही, पण तोच फोल्डर पुन्हा स्कॅन केला की नोंद परत येते. इम्युलेशनस्टेशनची सवय असलेला माणूस इथे उगाच बिचकतो, आणि रेट्रोआर्कची सवय असलेला तिकडे जाऊन निर्धास्तपणे डिलीट दाबतो. दोन्ही प्रोग्रॅमांनी आपापल्या जागी काही चूक केलेली नाही, तरी शब्द निवडताना थोडी काळजी घेतली असती तर बरेच खेळ वाचले असते असे वाटल्यावाचून राहत नाही.

सीडीवरच्या खेळांनी यात भर घातली. रीडम्पच्या पद्धतीत सीडीवरचा प्रत्येक ट्रॅक स्वतंत्र ‘बिन’ फाइलीत असतो आणि त्यांचा क्रम ‘क्यू’ नावाच्या छोट्या मजकूर-फाइलीत. संगीताचे वीस ट्रॅक असलेला खेळ यादीत वीस-एकवीस वेळा दिसू शकतो. ती गर्दी हटवण्यासाठी बिन फाइली पुसल्या की हाती उरते ती फक्त अनुक्रमणिका. १९९७ च्या फायनल फॅन्टसी सेव्हनसारख्या तीन डिस्कच्या खेळाच्या पुन्हा तीन नोंदी. यावरचा उपाय म्हणून मेममधून आलेला ‘सीएचडी’ हा आकुंचित प्रकार एका डिस्कची एकच फाइल करतो आणि ‘एमथ्रीयू’ ही यादी अनेक डिस्क एका नोंदीखाली आणते. इथे काही न काढताच नोंदी कमी होतात.

कार्ट्रिजच्या खेळांसाठी ‘एक खेळ, एक रॉम’ हा संकेत नो-इंट्रोच्या पालक-क्लोन याद्यांमुळे रूढ झाला. क्लरमेमप्रो आणि अलीकडची रीटूल, इगिर ही उपयोजने आवडीच्या प्रदेशांचा क्रम विचारतात आणि प्रत्येक खेळाची एकच आवृत्ती निवडतात. पुष्कळजण अमेरिकी आवृत्ती वर ठेवतात त्यामागे भाषेखेरीज टीव्हीचेही कारण आहे. युरोपातले टीव्ही सेकंदाला ५० वेळा चित्र बदलत, अमेरिका-जपानमधले ६० वेळा. नीट जुळवून न घेतलेले युरोपीय खेळ त्यामुळे सुमारे १७ टक्के संथ चालतात. जपानी खेळांचा प्रश्न वेगळा. हौशी लोकांनी इंग्रजीत आणलेली आवृत्ती शुद्धतावादी संचातून वगळली जाते, आणि ज्याला जपानी येत नाही त्याच्या दृष्टीने खेळण्याजोगी तेवढीच असते. नव्या उपयोजनांतून मूळ संच तसाच ठेवून निवडलेल्या फाइली नव्या फोल्डरमध्ये उतरवताही येतात. हे वळण मला सर्वांत शहाणपणाचे वाटते.

आवृत्ती बदलताना जतन केलेला डाव मागे राहतो ही तक्रारही जुनी आहे. रेट्रोआर्कमध्ये सेव्ह फाइलला रॉम फाइलचेच नाव मिळते, त्यामुळे जुनी फाइल काढून नव्या नावाची ठेवली की खेळ पहिल्यापासून सुरू होतो. सेव्ह फाइलचे नाव बदलले की बहुधा काम भागते, मात्र प्रदेश बदलला असेल तर त्याची खात्री नसते. रेट्रोअचीव्हमेंट्स या सेवेमुळे निवडीला आणखी एक निकष लागला आहे. जुन्या खेळांतल्या कामगिरीसाठी पदके देणारी ही सेवा खेळ कोणता हे फाइलच्या बोटठशावरून, म्हणजे फाइलमधल्या मजकुरावरून काढलेल्या खुणेवरून, ओळखते, म्हणून तिने मान्य केलेली आवृत्ती काढून टाकली तर पदके मिळत नाहीत. हा ठसा घेताना सेवा आठ बिटी निन्टेन्डोच्या फाइलीचे पहिले १६ बाइट आणि सुपर निन्टेन्डोच्या फाइलीला यंत्राने जोडलेले ५१२ बाइट सोडून देते. मॅजिकॉमवर काढलेली प्रत असो की डिस्कड्यूडची सही असलेली, पदक मिळायला आता तेवढ्यावरून अडचण येत नाही.