म्हाडाची घरं आणि लॉटरी

म्हाडा म्हणजे महाराष्ट्र गृहनिर्माण व क्षेत्रविकास प्राधिकरण. कायदा १९७६ चा, काम सुरू झालं ५ डिसेंबर १९७७ ला, मेन ऑफिस बांद्रा पूर्वेला कलानगरजवळ. त्याआधी सरकारी घरं बांधायचं हे काम मुंबई गृहनिर्माण मंडळ करायचं, विक्रोळीचं कन्नमवार नगर, चेंबूरचं टिळक नगर या त्या काळातल्या वसाहती.

लोकांना म्हाडा माहीत आहे ती लॉटरीमुळे, म्हणजे घरांच्या सोडतीमुळे. वय १८ पूर्ण असलं की फॉर्म भरता येतो, आणि तरुणांसाठी सगळ्यात कामाचा नियम म्हणजे आई-वडिलांचं घर आणि त्यांचा पगार मोजतच नाहीत. मुख्य अट अशी की जिथे घर घ्यायचंय त्या शहराच्या हद्दीत स्वतःच्या, नवरा-बायकोच्या किंवा १८ वर्षांखालच्या मुलांच्या नावावर घर नको. लग्न झालेलं असेल तर दोघांचं उत्पन्न एकत्र धरतात. मुंबईत वर्षाला ६ लाखांपर्यंत उत्पन्न असेल तर अत्यल्प गट, ९ लाखांपर्यंत अल्प, १२ लाखांपर्यंत मध्यम आणि त्यावर उच्च गट. नंबर नाही लागला तर अनामत रक्कम परत मिळते. लागला तर घर पाच वर्षं विकता येत नाही, आणि हे बरोबरच आहे, घर राहणाऱ्याला मिळावं, गुंतवणूकवाल्याला नाही.

अडचण पैशाची. अत्यल्प गटातल्या, नुकतीच नोकरी लागलेल्या मुला-मुलीला उत्पन्न मर्यादेत बसायचंय आणि त्याच पगारावर बँकेकडून लाखोंचं लोन पण पास करून घ्यायचंय, मग नंबर लागूनही घर सरेंडर करायची वेळ येते. अशांसाठी म्हाडाने भाड्याची घरं मोठ्या प्रमाणावर बांधायलाच हवीत, विक्रीवर सगळा भर देऊन त्यांचा प्रश्न सुटणार नाही.

लॉटरीच्या पलीकडचं काम जास्त खोल आहे. जुन्या उपकरप्राप्त (दुरुस्तीसाठी वेगळा कर भरणाऱ्या) बिल्डिंगची दुरुस्ती, धोकादायक बिल्डिंगमधल्या भाडेकरूंसाठी संक्रमण शिबिरं म्हणजे तात्पुरती घरं, गिरणी कामगारांना आणि कामगार हयात नसेल तर त्याच्या वारसांना घरं, हे सगळं म्हाडाकडेच. वरळी, नायगाव आणि ना. म. जोशी मार्गच्या बीडीडी चाळींचा (ब्रिटिश काळातल्या सरकारी चाळी) पुनर्विकासही तिच्याकडे आहे. तिथे १६० चौरस फुटांच्या एका खोलीत आजी-आजोबा, मुलगा-सून, नातवंडं आणि संडास बाहेर कॉमन, असं चार-चार पिढ्या चाललं. त्या बदल्यात ५०० चौरस फुटांचा मालकीचा टू बीएचके फुकट मिळतोय, वरळीत ऑगस्ट २०२५ मध्ये पहिल्या ५५६ कुटुंबांना चाव्या दिल्या, बाकीच्या चाळींचं काम टप्प्याटप्प्याने चालू आहे.