‘द गिव्हर’ घरी नेण्याआधी : नववी-दहावीच्या पालकांसाठी

आमच्याकडे भाड्याने जाणाऱ्या पुस्तकांत सध्या सगळ्यात जास्त मागणी ‘द गिव्हर’ला आहे आणि शंकाही त्याच पुस्तकाबद्दल येतात. मागच्या बाजाराच्या दिवशी मोर्शीकडचे एक गृहस्थ ते परत घेऊन आले. “बक्षिसाचं पुस्तक म्हून पोरीले देलं भाऊ, अन् याच्यात तं लेकरू मारते!” त्यांचं म्हणणं खरं आहे, म्हणूनच हे पत्रक काढलं. यात कथेतला मोठा प्रसंग उघड होतो, तेव्हा हे पत्रक मुलांच्या हाती देऊ नका.

लोइस लाउरी या अमेरिकन लेखिकेची ही कादंबरी 1993 साली आली. 1994 मध्ये तिला न्यूबेरी पदक मिळालं. अमेरिकेत मुलांच्या पुस्तकांसाठी याहून मानाचं बक्षीस क्वचितच असेल, आणि लाउरींना ते दुसऱ्यांदा मिळालं.

जोनस नावाच्या मुलाच्या वसाहतीत भूक नाही, भांडण नाही, ऊन-पाऊस नाही आणि रंगसुद्धा नाहीत. बाराव्या वर्षी प्रत्येकाला काम नेमून देतात. जोनसच्या वाट्याला येतं आठवणी सांभाळण्याचं काम. साऱ्या वसाहतीच्या जुन्या आठवणी एका म्हाताऱ्याजवळ आहेत, त्या तो जोनसला एकेक करून देतो. आधी बर्फावरची घसरगाडी, उन्हाची ऊब. मग मोडलेला पाय, युद्ध. मागे एकदा लोकांनी जास्त मुलं जन्माला घालू द्या असा अर्ज केला होता, तेव्हा या म्हाताऱ्याला फार जुनी उपासमार आठवत होती, म्हणून त्याने नको असा सल्ला दिला. आपल्याकडे 72चा दुष्काळ पाहिलेली माणसं अजून ओट्यावर बसलेली असतात. ते पान वाचताना आम्हाला तीच दिसतात. आणि दर फाल्गुनात पळस पाहणाऱ्या आपल्या मुलांना, लाल रंग पहिल्यांदा दिसल्यावर जोनसचं काय होतं, ते वेगळं समजवावं लागत नाही.

आता तो प्रसंग. जोनसचे वडील तान्ह्या बाळांची देखभाल करतात. जुळं जन्मलं की कमी वजनाच्या बाळाला ते सुई देऊन मारतात, तेही लाडाने बोलत. वसाहतीत याला ‘मुक्त करणं’ म्हणतात. अशाच कारणांनी अमेरिकेत कित्येक पालकांनी हे पुस्तक शाळेतून काढायची मागणी केली. 1990 ते 1999 या दशकात ज्या पुस्तकांवर सर्वाधिक आक्षेप आले, त्यांच्या तिथल्या ग्रंथालय संघटनेच्या यादीत हे 11वं आहे. गंमत म्हणजे न्यूबेरी देते तीही हीच संघटना. समीक्षकांची तक्रार मात्र निराळी होती. न्यूयॉर्क टाइम्सच्या परीक्षणात कथेतल्या तर्काच्या फटी दाखवल्या होत्या, तरी मोठी मुलं पुस्तक खाली ठेवणार नाहीत असंही म्हटलं होतं. तर्काच्या फटी आम्हालाही दिसतात. आठवण एकाच्या हातातून दुसऱ्याच्या अंगात जाते कशी, हे लेखिका सांगत नाही.

आमचं मत विचाराल तर चौदा वर्षांच्या मुलाने हे वाचावं, पण घरात कुणीतरी सोबत वाचावं. वडिलांचा तो प्रसंग वाचून मूल गप्प होतं, त्या वेळी बोलायला माणूस हवं.

शेवटी जोनसचं काय होतं, ते मोकळं सोडलंय. “काका, मंग तो पोट्टा वाचला का मेला?” असं दुकानात येऊन विचारणारी पुष्कळ आहेत. त्यांच्यासाठी 2004 चा पुढचा भाग ‘मेसेंजर’ही ठेवला आहे.

इंग्रजी सोपं आहे, सेमी इंग्रजीच्या मुलांना झेपतं. अवघड शब्दांचा मराठी अर्थ आम्ही हाताने लिहून पुस्तकात ठेवला आहे, तो कागद परत करताना विसरू नका. अनामत 100 रुपये, पंधरा दिवसांचं भाडं 10 रुपये.