पार्श्वभूमी : शिट्टी हे वेळेचे माप कसे झाले

स्वयंपाकघरात काळाशी दोन प्रकारचे व्यवहार चालतात. लोणचे, मुरांबा किंवा आंबवलेले पीठ यांत वेळ मुरू द्यावा लागतो, तर डाळ, कडधान्ये आणि मटण यांत तो वाचवावा लागतो. हे टिपण दुसऱ्या व्यवहाराविषयी, म्हणजे दाबाच्या साहाय्याने शिजण्याचा वेळ आक्रसण्याविषयी आहे. आणि त्यातही ‘शिट्टी’ या एका शब्दाने मराठी पाककृतींत जो गोंधळ घातला आहे, त्याविषयी अधिक आहे.

यामागचे शास्त्र थोडक्यात सांगता येते. उघड्या पातेल्यातले पाणी समुद्रसपाटीला १०० अंश सेल्सिअसला उकळते आणि जाळ कितीही वाढवला तरी त्यापुढे तापत नाही. महाबळेश्वरसारख्या सुमारे १,३५० मीटर उंचीच्या ठिकाणी तर ते ९५-९६ अंशांनाच उकळू लागते, म्हणून तिथे उघड्यावर डाळ शिजायला जास्त वेळ लागतो. भांडे घट्ट बंद करून आत दर चौरस सेंटिमीटरला सुमारे एक किलो इतका जादा दाब धरून ठेवला, तर पाणी १२० अंशांच्या आसपास उकळते आणि पदार्थ ढोबळमानाने तिसऱ्या हिश्शाच्या वेळात शिजतो. ही कल्पना लंडनमध्ये १६७९ साली एका फ्रेंच वैज्ञानिकाने मांडली आणि स्फोट होऊ नये म्हणून भांड्याला सुरक्षा-झडपही बसवली. १६८२ साली तिथल्या विद्वानांना या भांड्यातले जेवण वाढले गेले, तेव्हा हाडेसुद्धा चीजसारखी मऊ झाली होती, अशी नोंद पंगतीतल्या एकाने आपल्या रोजनिशीत केली आहे. घरगुती कुकर मात्र विसाव्या शतकातला. १९३९ च्या न्यूयॉर्कच्या जागतिक प्रदर्शनात तो मांडला गेला, तोवर अडीचशेहून अधिक वर्षे लोटली होती.

आपल्याकडे त्याआधी वेळेचे माप पदार्थाच्या अंगातच होते. आधणाला उकळी फुटली की तांदूळ वैरायचे, भाताचे एक शीत बोटांत दाबून पाहायचे, डाळीचा दाणा पळीच्या पाठीने चिरडून पाहायचा, आणि चुलीवरून उतरलेले पातेले वैलावर, म्हणजे चुलीला जोडलेल्या बाजूच्या तोंडावर, सरकवून उरलेली कसर मंद धगीवर भरून काढायची. ‘शितावरून भाताची परीक्षा’ ही म्हण होण्याआधी ती रोजची कृती होती. डाळ जुनी असली किंवा विहिरीचे पाणी जड असले तर ती लवकर शिजत नाही, हे घड्याळाला कळत नसे; पळीला कळे.

मुंबईत १९५५ च्या सुमारास घरगुती गॅस मिळू लागला आणि १९५९ च्या सुमारास देशात दोन मोठ्या कंपन्यांनी कुकर बनवायला सुरुवात केली. एकीचे झाकण आतून बसणारे आणि दुसरीचे बाहेरून. या फरकावरून घराघरांतल्या निष्ठा ठरल्या आणि त्या अजून टिकून आहेत. वरण-भाताचे डबे एकावर एक रचून ‘कुकर लावणे’ हा मराठी घराचा दैनिक विधी झाला. या बदलाचे कौतुक पुष्कळ झाले आहे. त्याने स्वयंपाकिणीच्या हातून काय काढून घेतले, याकडे फारसे कोणी पाहिलेले नाही. झाकण एकदा लागले की शीत तपासता येत नाही. डोळा आणि बोट दोन्ही बाहेर राहतात, उरतो तो फक्त कान. शिट्टी ही घड्याळाच्या जागी नव्हे, तर शिताच्या जागी आली.

शब्दाचा घोळ इथून सुरू होतो. मराठीत झाकणावरच्या वजनालाही शिट्टी म्हणतात (‘शिट्टी नीट बसव’), त्यातून येणाऱ्या आवाजालाही शिट्टी म्हणतात (‘शिट्टी झाली का बघ’) आणि शिजण्याच्या अवधीलाही शिट्टीच म्हणतात (‘तुरीला चार शिट्ट्या पुरतात’). पहिले दोन अर्थ निरुपद्रवी आहेत. तिसऱ्याने वाद निर्माण केला.

एक शिट्टी जवळून पाहिली तर वादाचे कारण कळते. नळीवरचे वजन आधी थरथरते, कडेने बारीक फसफस सुरू होते, मग दाब ठरलेल्या मर्यादेला पोचला की वजन उचलले जाते, वाफेचा झोत सुटतो, दाब किंचित उतरतो आणि वजन पुन्हा खाली बसते. म्हणजे पूर्ण दाब टिकवायला जेवढी उष्णता लागते, त्याहून जास्त दिली तरच पुढची शिट्टी होते. आच मंद केली तर आत पदार्थ शिजत राहतो आणि शिट्टी होतच नाही. मोठ्या आचेवर तीन लिटरचा अर्धवट भरलेला कुकर भराभर शिट्ट्या देतो, तर डबे रचलेला पाच लिटरचा कुकर पहिलीलाच पुष्कळ वेळ घेतो. काटेकोरपणे बोलायचे तर शिट्टी शिजण्याची मोजणी करत नाही, वाया गेलेल्या गॅसची करते.

म्हणूनच कुकरबरोबर येणाऱ्या माहितीपुस्तिकांचा आग्रह असा की पूर्ण दाब आला की आच कमी करावी आणि तिथून मिनिटे मोजावीत. मराठी पाककृतींनी हा सल्ला जवळजवळ एकमुखाने बाजूला सारला. शास्त्राच्या दृष्टीने पुस्तिकाच बरोबर आहेत, यात शंका नाही. तरीही शिट्ट्या मोजणाऱ्यांना अडाणी ठरवण्याची जी रीत पडली आहे ती मला मान्य नाही. आपलाच कुकर, आपलीच शेगडी आणि आपल्याच वाण्याकडची डाळ असली, तर रोजच्या अनुभवाने ‘चार शिट्ट्या’ हे माप पुरेसे स्थिर होते. शिवाय ते शेजारच्या खोलीत मुलाचा अभ्यास घेतानाही ऐकू येते. हे माप बिघडते ते पाककृती एका घरातून दुसऱ्या घरात गेली की. त्यात भर म्हणजे गॅस बंद केल्यावर कुकर पडेपर्यंतही शिजणे चालूच असते, आणि हा वेळ पाककृतीत सहसा कोणी लिहीत नाही.

गेल्या काही वर्षांत या प्रश्नाला दोन फाटे फुटले आहेत. पहिला सुरक्षिततेचा. प्रमाणित नसलेले कुकर बाजारात येत राहिल्यामुळे केंद्र सरकारने २०२० मध्ये गुणवत्ता नियंत्रणाचा आदेश काढला, घरगुती कुकरवर प्रमाणचिन्ह सक्तीचे झाले, आणि २०२२ मध्ये ऑनलाइन विक्री करणाऱ्या काही मोठ्या कंपन्यांना याच कारणावरून दंडही झाला. दुसरा फाटा अमेरिकेतल्या मराठी स्वयंपाकघरांत दिसतो. तिथे लोकप्रिय झालेल्या विजेच्या कुकरला शिट्टीच नाही. त्यावर मिनिटांचा आकडा दाबावा लागतो. त्यामुळे आईने फोनवर सांगितलेल्या ‘पाच शिट्ट्यां’ची मिनिटे किती, हा प्रश्न तिथे सतत विचारला जातो. कोणी एका शिट्टीची दोन मिनिटे धरतात, कोणी तीन, कोणी पाच, आणि वरणाचे पाणी वेगळे व डाळ वेगळी राहिली की आकडा पुन्हा बदलतात. इकडे आईला तो आकडा विचारून उपयोग नसतो. तिने मिनिटे कधी मोजलेलीच नसतात.