आनंद पटवर्धन: माहितीपट करणं आणि तो दाखवायला मिळणं

१९४८ मध्ये सरकारने फिल्म्स डिव्हिजन सुरू केलं. मुख्य खेळाआधी त्यांचे वार्तापट आणि अनुबोधपट दाखवणं चित्रपटगृहांना सक्तीचं होतं. त्यामुळे माहितीपट म्हणजे सरकारी माहितीपट, हे समीकरण कित्येक दशकं डोक्यात पक्कं बसलं. सरकारी पैशाशिवाय, सरकारला न रुचणारं काही टिपणाऱ्याला ना थिएटर होतं ना वितरक. आनंद पटवर्धनांची कारकीर्द समजून घ्यायची तर सुरुवात इथून करावी लागते.

१९५० साली मुंबईत जन्मलेले पटवर्धन १९७४ मध्ये बिहारमध्ये जयप्रकाशांच्या आंदोलनात पोहोचले. तिथे ‘क्रांती की तरंगें’ घडला. हाताशी सुपर एट, म्हणजे ८ मिमी फिल्मचा हौशी लोकांचा छोटा कॅमेरा. केलेलं चित्रण पडद्यावर पाडायचं आणि ते १६ मिमी कॅमेऱ्याने पुन्हा टिपायचं, अशी पदरमोडीची रीत. आणीबाणीत प्रिंटचे तुकडे करून ते देशाबाहेर पाठवले गेले आणि कॅनडात पुन्हा जोडले गेले.

पुढची अडवणूक दूरदर्शनची. ‘हमारा शहर’ (१९८५) आणि ‘राम के नाम’ (१९९२) या दोघांनाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. सरकारने गौरवलेला माहितीपट सरकारचीच वाहिनी दाखवेना, हे मला आजही संतापजनक वाटतं. ‘राम के नाम’साठी उच्च न्यायालयाचं दार ठोठवावं लागलं. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ तर सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि २००६ मध्ये तो दाखवण्याचा आदेश झाला. ‘जंग और अमन’मध्ये सेन्सॉरने सुचवलेले कट मुंबई उच्च न्यायालयाने २००३ मध्ये रद्द ठरवले. या निकालांचा आधार पुढच्या कितीतरी माहितीपटकारांना मिळाला, म्हणून मी त्यांना चित्रपटांइतकंच मोलाचं मानतो.

पण त्यांचं सगळ्यात खोल काम कोणतं, असं विचाराल तर ‘जय भीम कॉम्रेड’. शाहीर विलास घोगरे ‘हमारा शहर’मध्ये गायले होते. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधाला जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळ्या झाडल्या आणि दहा जणांचा जीव गेला. काही दिवसांतच घोगरेंनी आत्महत्या केली. आपल्या चित्रपटात गायलेला मित्र असा का गेला, या प्रश्नामागे पटवर्धन चौदा वर्षं चालत राहिले. वस्त्या, शाहिरी जलसे, कोर्टाच्या तारखा, निवडणुका, सगळं त्यात येत गेलं. एवढी वर्षं एकाच विषयाला चिकटून राहायची मोकळीक कुठल्याही निर्मात्याने दिली नसती; कॅमेरा आणि संकलन स्वतःच्या हातात असल्यामुळेच ते जमलं. २०११ मध्ये तो पुरा झाला आणि वस्त्यांमध्ये उघड्यावर पडदे लावून दाखवला गेला.

पटवर्धनांच्या ‘विवेक’ला २०१८ मध्ये ॲमस्टरडॅमच्या इडफा या माहितीपट महोत्सवात सर्वोत्तम माहितीपटाचा मान मिळाला. पुढच्याच वर्षी केरळच्या महोत्सवात तो सेन्सॉर प्रमाणपत्राशिवाय दाखवायला केंद्राची सवलत मिळेना. केरळ उच्च न्यायालयाने परवानगी दिली, तेव्हा कुठे खेळ झाला.