लाजाळू पात्राचे पहिले प्रेम (रोमान्स ॲनिमे)

शालेय रोमान्स ॲनिमेतील, म्हणजे जपानी ॲनिमेशन मालिकांतील, एक रूढ कथासूत्र. चारचौघांत तोंड न उघडणारे पात्र पहिल्यांदा प्रेमात पडते आणि ते बोलून दाखवेपर्यंत मालिकेचे बरेच भाग सरतात. मुलींसाठी निघणाऱ्या शोजो मांगा (जपानी चित्रकथा) मासिकांत हे सूत्र विशेष फुलले.

या कथांची सगळी ओढ ‘कोकुहाकु’कडे, म्हणजे प्रेमाच्या उघड कबुलीकडे असते. चोरटे कटाक्ष आणि सूचक बोलणे यांवर भागत नाही. ‘तू मला आवडतोस’ असे स्पष्ट सांगावे लागते, समोरच्याचा होकार यावा लागतो, तेव्हा कुठे दोघे जोडी ठरतात. वर्गात साधे ‘सुप्रभात’ म्हणतानाही जिचा आवाज फुटत नाही, तिच्यासाठी ही अट भलतीच कठीण आहे.

‘किमी नि तोदोके’ हे याचे सर्वांत परिचित उदाहरण. कारुहो शीइना यांच्या मांगावरून प्रॉडक्शन आय.जी. या स्टुडिओने केलेली ही मालिका ऑक्टोबर २००९ मध्ये सुरू झाली. नायिका सावाको कुरोनुमा हिचे केस लांब, काळेभोर, चेहरा फिकट. भयपटातल्या भुतावरून मुले तिला ‘सादाको’ म्हणतात, तिच्या नजरेला नजर दिली तर शाप लागतो अशी अफवाही असते. कोणी पुढे येत नाही ती कामे ती आपणहून करते. ती कोणाला टाळत नाही. लोकच तिला टाळतात. तिच्याशी सहज बोलणारा शोता काझेहाया तिला आवडू लागतो, पण त्या भावनेला ती बराच काळ आदरच समजते. गंमत म्हणजे डोळे उघडतात ते प्रतिस्पर्धी कुरुमीमुळे. इतर मुलांशीही बोलून बघ, हा तिचा कावेबाज सल्ला सावाको प्रामाणिकपणे पाळते, वर्गमित्र र्‍यूशी गप्पा मारते आणि काझेहायाशी बोलताना वाटते तसे इथे काहीच वाटत नाही, हे तिच्या ध्यानात येते.

मात्र मालिकेचा खरा कस मैत्रीत लागतो. आयाने आणि चिझुरू या मैत्रिणींची बदनामी चालली आहे हे कळल्यावर सावाको, एरवी शब्द न फुटणारी, स्वच्छतागृहात घोळक्यासमोर एकटी उभी राहून त्यांची बाजू मांडते. प्रेमाची कबुली देण्याचे बळ तिला इथूनच मिळते, आणि हा प्रसंग पुढच्या कोणत्याही प्रेमप्रसंगापेक्षा सरस उतरला आहे. मामिको नोतो यांचा हळुवार, किंचित अडखळता आवाज आणि गडबडल्यावर सावाकोचे ठेंगण्या बाहुलीसारखे होणारे रेखाटन यांमुळे तिची घालमेल रडकी होत नाही.

पहिल्या पर्वाचे २५ भाग संपले तरी कबुली होत नाही. ती २०११ च्या दुसऱ्या पर्वात, शाळेच्या महोत्सवाच्या सुमारास होते. तोवर गैरसमज जरा जास्तच ताणले जातात. काझेहायाचा निर्दोष चांगुलपणाही कधी कधी पटत नाही.

‘त्सुकी गा किरेई’ (२०१७, फील स्टुडिओ) वेगळी वाट धरते. सैतामा प्रांतातल्या कावागोए शहरातील कोतारो आणि आकाने दोघेही बुजरे. तो लेखक होऊ पाहतो, ती धावपटू. घाबरली की रताळ्याच्या आकाराचे मऊ खेळणे दाबत बसते. इथे कबुली तिसऱ्या भागातच होते. अडचण त्यापुढची: शाळेत एकमेकांशी बोलायचे कसे? बोलणे फोनवरच्या संदेशांत चालते आणि पडद्यावर मोठमोठे मौन पसरते.

या सूत्राचा स्वस्त वापरही पुष्कळ होतो. लाल झालेले गाल, तोतरे बोलणे, नायकाच्या अंगावर धडपडणे एवढ्यावर लाजाळूपणा आटोपतो आणि ते पात्र फक्त गोंडस उरते. सावाकोच्या बाबतीत मात्र कबुलीनेही बुजरेपणा संपत नाही. २०२४ मध्ये नेटफ्लिक्सवर आलेल्या तिसऱ्या पर्वात जोडी जमलेली आहे, तरी जवळ येताना दोघेही अवघडतातच.