ह्युमन सेंटिपीड २ ब्रिटनमध्ये अजून बॅन? नाही हो

हा हॉरर पिक्चर तिथे बॅन आहे, हे इतकी वर्षं फिरतंय पण अर्धंच खरं आहे. जून २०११ मध्ये तिथल्या सेन्सॉर बोर्डाने सर्टिफिकेट द्यायला साफ नकार दिला हे बरोबर, पण त्याच ऑक्टोबरात ३२ कट मारून, म्हणजे २ मिनिटं ३७ सेकंद कापून, १८ वर्षांवरच्यांसाठी पास करून टाकला की! "बॅन"च्या नावाने फुकटची पब्लिसिटी मात्र दणकून झाली.

पिक्चर ब्लॅक अँड व्हाइट आहे, ते पण सेन्सॉरमुळे नाही, तो डिरेक्टर टॉम सिक्सचा स्वतःचा निर्णय. क्रिटिक्सनी धुतलाच, पण पार्किंगचा वॉचमन झालेला लॉरेन्स हार्वी अख्ख्या पिक्चरभर एक शब्द न बोलता नुसत्या डोळ्यांनी घाबरवतो, ते मानलं बुवा.