भरून आलेल्या जखमेचा कोड

कोपर ते मनगट या भागातून तीन मुख्य मज्जातंतू हाताच्या पंजाकडे जातात: अल्नार, मिडियन आणि रेडियल. यांपैकी एखादा काचेने कापला गेला, यंत्रात चेंगरला किंवा मोडलेल्या हाडाच्या टोकाखाली दबला, तर वरची जखम काही आठवड्यांत भरून येते. आतल्या मज्जातंतूचे काम मात्र महिनोन्‌महिने चालू राहते. तुटलेल्या जागेपासून बोटांकडचा तंतूचा भाग आधी झिजून नाहीसा होतो, हे ऑगस्टस वॉलर यांनी बेडकाच्या जिभेतील मज्जातंतू कापून १८५० मध्येच दाखवून दिले होते. त्यानंतर वरच्या टोकातून नवे धागे फुटतात आणि ते दिवसाला साधारण १ मिलिमीटर या गतीने पुढे सरकतात. इजा कोपराजवळ झाली असेल, तर पंजातील लहान स्नायूंपर्यंतचे २० सेंटिमीटरहून अधिक अंतर कापायला, सगळे सुरळीत झाले तरी, २०० दिवसांपेक्षा जास्त काळ लागतो. दरम्यान संदेश न मिळालेले स्नायू सुकत जातात आणि वर्ष-दीड वर्ष उलटल्यावर धागे पोहोचले, तरी त्यांचा फारसा उपयोग होत नाही. म्हणूनच उत्तम शस्त्रक्रियेनंतरही अनेकांच्या हातात काही ना काही उणीव कायमची राहून जाते.

ही उणीव रुग्णाच्या नोंदीत कशी उतरवायची, हा मेडिकल कोडिंगचा, म्हणजे आजार आणि उपचार ठरावीक अक्षर-आकड्यांच्या सांकेतिक खुणांत (कोडमध्ये) नोंदवण्याच्या कामाचा प्रश्न आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजार-वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत हाताच्या मज्जातंतूंच्या जुन्या इजेच्या परिणामांसाठी टी९२.४ असा एकच कोड आहे. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केलेल्या या वर्गीकरणाच्या सुधारित रूपात मात्र वेगळी पद्धत आहे. तेथे कोपराखालच्या मज्जातंतूंच्या इजा एस५४ या गटात येतात. पुढची अक्षरे कोणता मज्जातंतू आणि उजवा हात की डावा हे सांगतात, आणि सातवे अक्षर उपचाराचा टप्पा सांगते. त्याआधी अमेरिकेत वापरात असलेल्या ९०७.४ या कोडमध्ये खांद्यापासून बोटांपर्यंतच्या सगळ्या मज्जातंतूंच्या जुन्या इजा एकत्र बांधलेल्या होत्या आणि बाजूचा उल्लेखही नव्हता, हे पाहिले की नव्या पद्धतीतला तपशील नुसता किचकटपणा वाटत नाही.

सातव्या अक्षराबाबतच सर्वांत जास्त घोटाळा होतो. ‘ए’ म्हणजे पहिली भेट, असे त्याच्या ‘इनिशियल एन्काउंटर’ या नावावरून वाटते. प्रत्यक्षात सक्रिय उपचार चालू असेपर्यंतच्या प्रत्येक भेटीला ‘ए’ लागते, मग डॉक्टर बदललेले असोत किंवा शस्त्रक्रिया उशिरा झालेली असो. सक्रिय उपचार संपून इजा नेहमीच्या क्रमाने भरून येत असताना ‘डी’ येते. मूळ इजेचा तीव्र टप्पा संपल्यानंतर तिच्यामुळे उरलेल्या विकारावर उपचार होत असतील, तेव्हाच ‘एस’ लागते. त्यासाठी सहा महिने, वर्ष अशी मुदत ठरवलेली नाही. वीस वर्षांपूर्वीची इजाही ‘एस’ने नोंदवता येते. प्रश्न दिनदर्शिकेचा नसून आज नेमका कशावर उपचार चालू आहे याचा आहे.

एक उदाहरण घेऊ. डाव्या हाताला काच लागून कोपराखाली अल्नार मज्जातंतू कापला गेला आणि काही वर्षांनी तो रुग्ण अनामिका व करंगळी आकड्यासारखी वळल्याची तक्रार घेऊन आला. आज जे दिसते ते आधी लिहायचे: डाव्या पंजाच्या वक्रतेचा एम२१.५१२ हा कोड पहिला. त्याचे कारण नंतर: एस५४.०२एक्सएस. मधला ‘एक्स’ रिकामी जागा भरण्यापुरता आहे. ‘एस’ हे अक्षर फक्त इजेच्या कोडला जोडायचे, आजच्या विकाराच्या कोडला नाही. काच लागल्याचा कोड दिला, तर त्यालाही ‘एस’च येते. क्रम उलटा केला, तर कित्येक वर्षांपूर्वीची जखम आजच्या भेटीचे मुख्य कारण ठरते, आणि ते वास्तवाला धरून नाही.

या कोडला एक मर्यादाही आहे. अल्नार मज्जातंतू मनगटाजवळ तुटला, तर बोटांची वक्रता कोपराजवळच्या इजेपेक्षा जास्त दिसते, कारण बोटांची टोके आत ओढणाऱ्या खोल स्नायूचा वरचा पुरवठा शाबूत राहतो आणि तो ओढतच राहतो. मनगट आणि पंजाच्या पातळीवरील इजेसाठी एस६४ हा वेगळा गट आहे खरा, पण कोपराखालच्या संपूर्ण लांबीत इजा नेमकी कोठे झाली, हे एस५४.० सांगत नाही. ते केवळ डॉक्टरांच्या टिपणातच सापडते.

शरीररचना ठाऊक असलेला कोडर याच टिपणातली विसंगती पकडतो. मनगट पूर्णपणे खाली लोंबते आहे आणि इजा मात्र रेडियल मज्जातंतूला ‘कोपराखाली’ झाली असे लिहिले असेल, तर शंका घ्यावी. मनगट वर उचलणाऱ्या एका मुख्य स्नायूची शाखा कोपराच्या वरच निघते. त्यामुळे कोपराखालच्या इजेत सहसा बोटे सरळ करता येत नाहीत, पण मनगट थोडेफार उचलले जाते. तेव्हा इजा दंडाच्या पातळीवरची असू शकते आणि तिचा गट एस४४ आहे. मात्र गट बदलण्याचा निर्णय कोडरने स्वतः घ्यायचा नसतो. डॉक्टरांना लेखी विचारून टिपण दुरुस्त करून घ्यावे लागते.

कार्यकारणसंबंधालाही हीच शिस्त लागू होते. पूर्वी कोपराखाली मिडियन मज्जातंतूला इजा झालेल्या माणसाच्या बोटांना आज मुंग्या येत असतील, तर ती जुन्या इजेची खूण असेल किंवा मज्जातंतू ज्या अरुंद मार्गातून जातो त्या मनगटाच्या बोगद्यात (कार्पल टनेल) नव्याने पडलेला दाब असेल. दोहोंची लक्षणे बरीच सारखी असतात. टिपणात ‘जुन्या इजेमुळे’ असे स्पष्ट लिहिलेले नसेल, तर केवळ इतिहासाच्या आधारे ‘एस’ जोडता येत नाही.